नाक

गायधनी बाई गाडी लावतात पाथर्डी फाट्याच्या उतारावर.
किल्ली देत नाहीत.
"सांगाल तेव्हा स्टार्ट करते," म्हणतात,
"आणि मागून वास येतो हो, कच्च्या पेट्रोलचा.
तुम्हाला नाही येत?"
मी सायलेन्सरपाशी वाकतो, डोळे मिटतो,
जाणकारासारखी मान हलवतो.
"येतो ना."

तीन वर्षं झाली, मला कसलाच वास येत नाही.
तापातून उठलो तेव्हा चहा नुसता गरम होता
आणि हातावरचं ग्रीस नुसतं काळं.
घरात माहीत आहे. गॅरेजात नाही.

मी ज्यांच्या हाताखाली शिकलो ते हुसेन उस्ताद
द्वारकेच्या अलीकडे, पत्र्याच्या शेडमध्ये,
धुराचा एकच श्वास घेऊन सांगायचे:
मिक्श्चर जाड आहे, दोन नंबरचा प्लग ओला.
तसलं नाक मीही कमावलं,
बावीस वर्षं त्यावर चूल पेटवली.

आता स्कॅनर आहे.
तौसिफ स्टीअरिंगखाली पिन खोचतो, कोड येतो,
आणि हा लगेच फोन काढतो:
"ऑक्सिजन सेन्सर गेला, उस्ताद. मागवू?"
थांब.
कोड म्हणजे तक्रार. निकाल नव्हे.
आधी मॅनिफोल्डचं गॅस्केट बघ, कुठे फुसफुसतंय का.
बाहेरची हवा आत शिरली
तर चांगला सेन्सरही खोट्यात पडतो.
वायरी बघ. अंबडचे उंदीर रबर सोडत नाहीत.

सगळं धड.
मग इंजिन तापवून मीटर लावतो काळ्या वायरीला.
शून्य पूर्णांक एक. हलत नाही.
धापा टाकणाऱ्या कुत्र्याच्या पोटासारखा
हा आकडा खालीवर व्हायला हवा, एक ते नऊ, नऊ ते एक.
एअर फिल्टरपाशी क्लीनरचा फवारा मारतो,
इंजिन गुदमरतं, ठसकतं,
आकडा तिथंच.

म्हणजे असं झालंय, बाई,
हा म्हणतोय हवा फार, पेट्रोल कमी.
कॉम्प्युटर बिचारा विश्वास ठेवतो, आणखी ओततो.
प्लग काजळलेत, अठराचं ॲव्हरेज अकरावर आलंय,
तरी याचं आपलं उपाशी, उपाशी.

बाई काचेतून बाहेर बघतात.
"आमच्या सासूबाई अशाच, शेवटी शेवटी.
हात धुऊन उठायच्या आणि म्हणायच्या,
मला कुणी वाढलंच नाही."
मग उतरतात,
किल्ली माझ्या हातात ठेवतात.

निघता निघत नाही.
चौदा वर्षांचा गंज.
तेल सोडलं, वाट पाहिली, पुन्हा सोडलं.
खाच असलेला बावीसचा पाना,
त्यावर पाइप, पाइपवर तौसिफ, तौसिफवर मी.
कुईं करून सुटला एकदाचा.
टोकावर मखमलीसारखी काजळी.
अंगठ्यावर घेतली, सवयीनं नाकाशी नेली.

नवा सारडा सर्कलहून आला, दुपार उलटल्यावर.
आट्यांना पेस्ट लाव, टोकाला बोट नको.
आधी हातानं फिरव,
आटे आपले आपण सापडतात,
पाना सगळ्यात शेवटी.

स्टार्ट.
मिनिटभर काही नाही.
मग दोन, सात, नऊ, तीन, आठ, एक.

बाई पैसे मोजून देतात, वरचे पन्नास परत मागतात,
जुना सेन्सर कागदात बांधून पर्समध्ये टाकतात.
कशाला, ते मी विचारत नाही.
गाडी निघण्याआधी तौसिफला मागे बोलावतो.
"वास बघ."
तो वाकतो. "काही नाही येत."
"नीट बघ."
"खरंच नाही, उस्ताद."
"मलाही नाही."
तो हसतो, काम फत्ते झालं म्हणून.

गाडी उतारावरून वळून दिसेनाशी होते.
"तौसिफ," मी म्हणतो, "कसलाच नाही येत मला."
तो पाना पुसत होता.
पुसायचा थांबला.