पहिला काप

पाथर्डी फाट्याच्या बाजारात
भाजीवाली म्हणाली, फाक देऊ का पावकिलोची?
मी म्हटलं, अख्खं द्या.
तिनं माझ्याकडं पाहिलं, मग डांगराकडं,
मग पुन्हा माझ्याकडं,
जणू वजन दोघांचंही करायचं होतं.
साडेतीन किलो.
स्कूटीवर पायांशी ठेवलं,
गतिरोधक आला की टाचांनी आवळलं.

तुषार रायोंगला आहे. कंपनीनं पाठवलाय
सहा महिन्यांसाठी, त्याला आता अकरा झाले.
तिथल्या कँटीनमध्ये डांगराचं सूप मिळतं,
नारळाच्या दुधातलं, गवती चहा घातलेलं,
असं त्यानं तीनदा सांगितलं.
इथं असताना याच माणसानं
डांगराची भाजी पाहून
ताट जरासं पुढं सरकवलं होतं.
मी काही बोलले नाही.
फोनवरचं भांडण पुरत नाही.

अडचण वेगळीच.
सासूबाईंनी सांगून ठेवलंय, माझ्या आईनंही,
दोघींचं एकमत असलेली ही एकच गोष्ट:
अख्खा भोपळा बाईनं चिरायचा नाही,
पहिला काप पुरुषानं द्यायचा.
का, ते कुणीच सांगितलं नाही.
मी एम.एस्सी., अंबडच्या शाळेत
पोरांना आम्ल आणि आम्लारी शिकवते.
तरी विळी घेऊन बसले
आणि हात पुढं जाईना.
विळ्या-भोपळ्याचं सख्य म्हणतात,
इथं विळीच बिचकली.

निहार म्हणाला, मी देतो काप, मी पुरुष आहे.
वय वर्षे सात.
त्याला ओट्यावर बसवला
आणि लावला व्हिडिओ कॉल.

तिकडं दीड तास पुढं. त्याचं जेवणही उरकलेलं.
फोन मिठाच्या बरणीला टेकवला,
डांगर समोर. म्हटलं, घे.
तो हसला. मग उठून खरोखर सुरी आणली,
आंबे कापायची असावी, लहानशी.
गंभीर झाला,
सुरी वर उचलली
आणि नेटवर्क गेलं.

सुरी वर. तोंड अर्धं उघडं.
मागं पांढरी भिंत, खुंटीला एक शर्ट,
निळा, मी कधी न पाहिलेला.
आम्ही थांबलो.
निहारनं स्क्रीन बोटानं ढकलून पाहिली.
शर्ट निळाच राहिला.

मग मी विळीवर पाय दिला.
दोन्ही हातांनी रेटलं.
पावसाळ्यात फुगलेलं दार उघडतं
तसा एक दबका आवाज आला.
बाकी काही झालं नाही.
वरच्या मजल्यावर कुणीतरी मिक्सर लावला.

गवती चहा आहेर वहिनींच्या गॅलरीतला,
चार पाती विचारून, दोन न विचारता.
दूध खोक्यातलं, कॉलेज रोडवरून आणलेलं;
आपण सुक्या खोबऱ्याची माणसं,
ओला नारळ घरात येतो तो देवापुढं फुटायला.
आलं ठेचून, लसूण, एक लवंगी मिरची,
सोया सॉस चमचाभर, गूळ सुपारीएवढा.
डांगर इतकं मऊ शिजलं
की डाव नुसता दाखवावा.
लिंबू खाली उतरवल्यावर.
आणि चिमूटभर काळा मसाला,
ते तुषारला सांगणार नाही.

निफाडची थंडी नाशकात उतरलेली.
खिडकीच्या काचेवर वाफ बसली,
तिच्यावर निहारनं बोटानं भोपळा काढला,
गणिताच्या बाई वहीत काढतात तो.
मग वाटीत बाजरीची भाकरी कुस्करली
आणि विचारलं, हे आमटीत धरायचं की खिरीत?
उत्तराआधी वाटी रिकामी.

रात्री मेसेज आला: दिला होता मी काप. दिसला ना?
मी उरलेलं अर्धं डांगर
फडक्यात गुंडाळत होते.
दिसला, असं लिहिलं.
खोडलं. पुन्हा तेच लिहिलं,
आणि खाली विचारलं,
निळा शर्ट कधी घेतलास?