सातवा भाग

गुरुवारी रात्री नऊला इनासकाका येतो,
गुडघ्याला पट्टा, हातात खाऱ्या शेंगांची पुडी,
आणि अब्बांच्या शेजारी खाटेच्या त्याच कोपऱ्यावर बसतो.
घरात आम्ही दखनी, तो कोकणी.
मधली मराठी दोघांनी कॅम्पच्या मैदानावर उचललेली,
चिखलासकट.

मालिका कुठल्याशा लांबच्या देशाची.
तिथले जनरल हिंदीत डब होऊन बोलतात,
ओठ एक म्हणतात, आवाज दुसरंच.
"बरोबर हाय की," काका म्हणतो,
"साहेब लोक असंच बोलूलालते."

सातव्या भागात अंतिम सामना.
जनरल पांढरे हातमोजे घालून गॅलरीत.
खाली, पायऱ्यांच्या पोटात, बांधून ठेवलेली माणसं
वर काय चाललंय ते छताच्या हादऱ्यावरून ओळखतात.
संगीत फार आहे.
धूळसुद्धा बेतानं पडते, नेमकी कैद्याच्या पापणीवर.

काका फक्त गोलकीपर बघतो.
"ह्याला कुणी शिकिवलं बे? गुडघे बघ.
आनि चेंडू? भिजला की वीट व्हायचा तवा.
ह्यो फुगा हाय."
मग तो गोलकीपर झेप घेतो,
अर्ध्या श्वासानं उशिरा, मुद्दाम,
कॅमेरा त्याच्या तोंडावर येऊन थांबतो,
आणि काका म्हणतो,
"आवाज बंद कर गं."

शहात्तर साल. साहेबांच्या नावाची ढाल,
साहेबांच्याच संघानं जिंकायची.
अब्बा उजवीकडून पळायचे. त्या आठवड्यात
ते ठाण्याच्या मागल्या खोलीत होते.
सायकलच्या सीटखाली पत्रक सापडलं म्हणे.
पत्रक मराठीत. अब्बा उर्दू शाळेत, चौथीपर्यंत.
सोळाव्या दिवशी सुटल्यावर
त्यांनी आधी स्कोअर विचारला, मग पाणी मागितलं.
काका म्हणाला होता, दोन-शून्य. आपण.
ते दोन-शून्य मी लहानपणापासून ऐकते,
दर ईदला, शीरखुर्म्याच्या दुसऱ्या वाटीबरोबर.

पडद्यावर हजारो लोक मुक्यानं ओरडत होते.
काका पट्ट्याचं बक्कल काढत होता, लावत होता.
"दस्तू," तो म्हणाला, "खरं त्या दिवशी मी…"
आमच्या बेळगावात खरं म्हणजे पण.
त्या रात्री मला कळेना, तो कुठलं म्हणतोय.

अब्बांनी पडद्यावरची नजर काढली नाही.
"वारं ठाण्याकडं होतं, इनास.
आपली मानसं वराडली तर मला कळत नसतंय?
नुसत्या टाळ्या वाजूलालत्या. कवायतीगत.
दोनदा."

"गोल एकच गेला."

"मग दुसऱ्या टाळ्या?"

"ढाल दिली तवा."

कोपऱ्यात आकडे सुरू झाले, आठवा भाग, पाच, चार,
मी रिमोट चाचपला, तो शेंगांच्या सालीखाली.

"कुठनं गेला?" अब्बांनी विचारलं.

"डाव्या हाताखालनं."

"हां," अब्बा म्हणाले.
"डावा तुझा पहिल्यापासनं कच्चाच."