बुर्जी

ग्रँडमास्टर आला तेव्हा मी खिचडी ढवळत होते.
पार्सलच्या खोलीत आता अंगणवाडी भरते.
त्याची पांढरी गाडी स्टेशनाशी थांबली,
जिथे गाडी थांबायचं केव्हाच थांबलं;
रुळांत तरोटा माजलाय,
तिकिटाच्या खिडकीत कुणाच्या तरी शेळीनं संसार मांडलाय.

सुधन्वा गावंडे. सातवीत माझ्या मागच्या बाकावर,
नखं खाणारा, शाईनं ओठ निळे.
मी त्याला दोनदा हरवलं. तिसऱ्यांदा त्यानं मला.
चौथा डाव झाला नाही:
त्याला मामानं नागपूरला नेलं, मला आईनं निंदायला.

पुढचं सगळं कात्रणांत.
बाबा पॉइंट्समन. जुन्या पार्सल रजिस्टरात
खळ लावून चिकटवायचे त्याला, तारखेवार.
पहिला नॉर्म, बुडापेस्ट.
दुसरा कुठल्याशा बर्फाच्या गावी,
तिथे म्हणे पंधरा दिवस ब्रेड आणि घरची जवसाची चटणी.
तिसऱ्याला तीन वर्षं लागली.
"नॉर्म म्हंजे काय वो बाबा?"
"लाइन क्लियर," बाबा म्हणायचे.
"तीन ठेसनाईची लाइन क्लियर भेटली का मंग सोडतात गाडी."

मग फोटो. कोट, टेबलावर एवढासा झेंडा, पाण्याची बाटली.
मग बातमी आटत गेली,
चौकटीची दोन ओळी झाली,
ओळींचं निकालाच्या यादीतलं बारावं, सत्ताविसावं नाव.
बाबा भिंग घेऊन शोधायचे.
शेवटचं कात्रण शिकवणीच्या जाहिरातीचं.
त्यात तो हसत होता.
इतके दात मी त्याचे कधी पाहिले नव्हते.

आता समोर बाकावर बसलेला, केस विरळ, हात मात्र तेच.
बाबांनी कापडाचा पट उलगडला.
सागाच्या सोंगट्या, एका उंटाच्या जागी सुताची रिकामी कांडी.
"आपल्या कायद्यानं," बाबा म्हणाले.
"प्यादं येकच घर.
राजाले येक डाव घोड्याची उडी, शह लागाच्या आंधी.
अन् प्यादं ज्या घरी पोचलं, त्या घरचं होते."

सुधन्वानं सवयीनं प्यादं दोन घरं नेलं.
बाबांनी न बोलता मागे ठेवलं.
पुन्हा नेलं. पुन्हा ठेवलं.

दुपार कलली. पोरं ताटल्या घेऊन भोवती उभी.
"झोप लागत नाही, काका," तो पटाकडे बघतच म्हणाला.
"डोळे मिटले की एकतिसावी खेळी.
समोरच्यानं बरोबरीसाठी हात पुढे केला होता.
मी धरला नाही.
सव्वीस वर्षं झाली."
"घोडा मरते तुया," बाबा म्हणाले.

मेला. मग उंट.
मग त्यानं हत्ती उघड्यावर सोडला.
सातवीतही सोडायचा,
पण तेव्हा मारल्यावर रडायचा.
आज मी त्याच्या तोंडाकडे पाहिलं
आणि काही विचारलं नाही.

शेवटी बाबांचा वजीर, दोन प्यादी,
आणि कोपऱ्यात त्याचा राजा, एकटा.
दोन खेळ्यांत मात होती.
पोरांनाही दिसत होती, एकानं तर बोटही दाखवलं.
बाबांनी वजिराला हात लावला नाही.
धोतराला हात पुसले.
"बुर्जी."

सुधन्वा थांबला. आठवू लागला.
हा शब्द त्याच्या कुठल्याच पुस्तकात नव्हता.
"येकटा पडला का राजाले मारत नाई आपल्यात.
ना तू हारला, ना मी."

बराच वेळ कोणी बोललं नाही. शेळी शिंकली.
त्यानं तो राजा उचलून मुठीत धरला,
गरम दगड धरावा तसा.
"पुन्हा मांडायचा?"

बाबा गुडघे धरून उठले.
"माया झाला. हिच्यासंग बस.
तुमचा चौथा राह्यला व्हता."

खिचडी खाली लागल्याचा वास येत होता.
मी पदराला हात पुसले, लाल सोंगट्या माझ्याकडे ओढल्या,
आणि प्यादं पुढे केलं,
एक घर.