दीड वीत

नागपूरहून समुद्र किती लांब,
हे आमच्यात फक्त छोट्या सरकारांनी मोजलं होतं.
मास्तरांच्या नकाशावर, दीड वीत.
"एवढंच तं आहे बे," मला म्हणाले.

हत्ती तोवर विकून झाले होते.
अंबारी उरली होती, तिच्यात कोंबडी अंडी घालायची.
दसऱ्याला मात्र मुजरे व्हायचेच,
आणि नऊ वर्षांचं पोर जरीच्या अंगरख्यात
घामाघूम होऊन विडे वाटायचं.

दुपारी ते सक्करदऱ्याच्या तलावावर पळून येत.
माझा बाप डोंग्यातून शिंगाडे काढायचा.
त्याने त्यांना वल्हं नाही दिलं. दोर दिला.
"ओढली तं सरकू नये, सरकार,
अन् सोडतो म्हटलं तं बोटानं सुटली पाहिजे."
वेटोळं, शेपूट पोटातून वर,
मागून फेरा, पुन्हा पोटात.
त्यांनी रेशमी कमरबंदावर सराव केला.
कमरबंद चुरगळला म्हणून थोरल्या सरकारांनी चाबूक काढला,
तो माझ्या पाठीवर.

सोळाव्या वर्षी ते मुंबईला गेले, जहाजावरच्या शाळेत.
पत्रं मला यायची. मी चौथी पास,
बापाला वाचून दाखवायचो:

*इथे मी तीनशे बारा.
पहाटे अनवाणी डेक घासतो, वाळूने.
आपलं ताट आपण धुतो, आधी जमेना.
रात्री झोळीत, तान्ह्यासारखा.
पहिल्या लाटेला ओकलो, दुसरीला रडलो,
तिसरीच्या वेळी बघायला कोणी नव्हतं.
हातात दोन निशाणं घेऊन बोलायला शिकतोय,
तोंड उघडायचं नाही.
आबासाहेबांना हे जमलं नसतं.*

बाप हसायचा. तोंडावर हात ठेवून.

मग थंडीत एक पत्र आलं:

*गाठींची परीक्षा झाली. डोळ्यांना पट्टी,
बोटं बर्फाच्या पाण्यात बुडवून काढलेली.
मी पहिला आलो.
फुर्तादो बोसन कोणाला शाबासकी देत नाही, त्याने पाठ थोपटली.
विचारलं, ही गाठ कुठे शिकलास?*

मी थांबलो.
"वाच ना," बाप म्हणाला.
मी वाचलं, "सुकरू ढिवराकडे."

कागदावर होतं:
*म्हटलं, आमच्या घराण्यातच आहे.*

बापाने शिंगाड्यांनी काळी पडलेली बोटं
धोतराला पुसली, दोनदा.
पत्र माझ्या हातातून घेतलं
आणि उलटं धरून
उजेडात बराच वेळ बघत राहिला.