सात सेकंद

जीन हॉलरॉइडने बत्तीस वर्षं माहितीपट काढले आणि कापले.
जोडले म्हणायला हवं खरं तर,
पण ती कापले असंच म्हणायची,
शिंप्याच्या सुरात.

लीड्समधल्या त्या खोलीला खिडकी नव्हती.
हुकांवर फिल्मच्या पट्ट्या लोंबायच्या,
काठीवर वाळत घातलेल्या शेवयांसारख्या.
मी तिच्या हाताखाली.
तुकड्यांवर पांढऱ्या पेन्सिलीने नंबर घालायचे
आणि तिने "कंटाळा आला का?" विचारलं
की खरं सांगायचं, एवढंच काम.

त्र्याऐंशी साल, ग्रिम्सबी. गोदी रिकामी होत चाललेली.
वॉल्टर स्टॅमर, जाळी विणणारा, हातात लाकडी सुई.
जीन काहीतरी विचारते.
तो अकरा सेकंद बोलत नाही.
मग म्हणतो, "बरं,"
आणि पुढची गाठ मारतो.

चॅनेलचा साहेब म्हणाला, चार पुरेत,
लोक चहा टाकायला उठतील.
तिने कापले सात सेकंद,
एकशे पंचाहत्तर फ्रेमा,
आणि बिस्किटांच्या डब्यात ठेवल्या.
फिल्मला बक्षीस मिळालं.
त्या "बरं"वर कुणीतरी लांबलचक लेख लिहिला.
पुढे कोळसा झाला, सुइणी झाल्या,
वेल्समधला एक मेंढ्यांचा डॉक्टर झाला,
पण शेरीचे दोन ग्लास पोटात गेले
की डबा निघायचाच.
"एका माणसाचं दुःख मी चहापायी कापलं गं."

गेल्या मार्चात मी तिला गाडीने ग्रिम्सबीला नेलं.
वॉल्टर केव्हाच गेलेला. मुलगी भेटली, शीला.
नावामुळे मला उगीच आपल्यातली वाटली.
शाळेच्या स्वयंपाकघरातून निवृत्त, गुडघे धरलेले.
लॅपटॉपवर अकराच्या अकरा सेकंद लावले.

शीला हसायलाच लागली.
"अहो, बाबांचा डावा कान इंजिनरूममध्ये गेला होता,
आणि तुम्ही बसलात डावीकडे!
पुन्हा विचाराल म्हणून थांबलेत ते.
या भुवया बघा, हे 'काय?' आहे.
मग कंटाळले."

जीनने चष्मा काढला, पुसला, घातला.
"विचारलं काय होतंत?"
ते फिल्ममध्ये नाही.
प्रश्न विचारणाऱ्याचा आवाज सगळ्यात आधी उडवायचा,
मला शिकवलेला तिचा पहिला धडा.
आणि तिला आठवेना.

स्कनथॉर्पपर्यंत गप्प होती.
पेट्रोल पंपावर एकाएकी काच खाली करून
जरा जास्तच मोठ्याने म्हणाली,
"तुम्हाला समुद्राचा राग येतो का?"

शेजारच्या गाडीत पेट्रोल भरणारा माणूस वळला.
"काय म्हणालात?"

तिने पुन्हा विचारलं.

नळी तशीच धरून तो विचार करत राहिला.
"मला पोहता येत नाही," म्हणाला.