बाकीची गाणी

कंपनीचा माणूस पुण्याहून दोनदा आला.
पहिल्यांदा हार घेऊन, दुसऱ्यांदा स्टॅम्पपेपर.
म्हणाला, आम्ही त्याचं ‘सर्वोत्तम’ काढतोय.
रुबाब हे नाव जबरदस्त आहे, कुणी सुचवलं?

कुणी नाही. रेशनकार्डावर आहे.
रुबाब नशीर तडवी, मुक्काम पाल, तालुका रावेर.
हजेरीला सगळा वर्ग हसायचा
आणि तो मागच्या बाकावरून ‘हजर’ असं म्हणायचा
की मास्तर पुढचं नाव विसरत.

सर्वोत्तम बारा पाहिजेत म्हणे.
त्याची होती अकरा.
तीही सावद्याला, आमच्या केळी पिकवायच्या चेंबरमध्ये:
चार इंच थर्माकोलच्या भिंती, हायवे आत येत नसे.
एक माल निघून दुसरा भरेपर्यंत
मिळायचे तीन-चार तास.
मी क्रेटवर क्रेट रचून फोन उभा करायचो,
तो समोर, अंगात बापाचं होमगार्डचं स्वेटर,
खांद्यावर अजून घडांचा चीक.
शेजारच्या चेंबरचं मशीन घुमत असायचं.
“घुमू दे भो,” तो म्हणायचा,
“ते मह्या मांगं सूर धरते.”

हमालीवर होती, टेम्पोच्या हप्त्यावर होती,
फैजपूरच्या कॉलेजात जाणाऱ्या एका मुलीवर होती
जिचं नाव तो दर वेळी वेगळं घ्यायचा.
आठवं माझ्या काकावर.
वजनकाट्याखाली पाच किलो कसे झोपतात, त्याचं.
ते मीच रेकॉर्ड केलं.
काका दाराबाहेर हिशेब लिहीत होते.

मग बऱ्हाणपूर रस्ता, पहाट, दिल्लीचा माल,
तो वरती, केळीच्या पाल्यावर झोपलेला.
एवढंच लिहितो.

कंपनीने मशीनचा आवाज पुसला.
श्वास पुसले.
तिसऱ्यातल्या शिवीवर शिट्टी बसवली.
आता तो असा ऐकू येतो
जणू कुठेच उभा नव्हता.
बारावं त्यांनी अकराव्याचंच केलं, ढोल घालून.
फोटो आधारकार्डावरचा; काळा चष्मा
त्यांच्याकडचा.

ऐकवायला मी पालला गेलो.
जैतूनबाई ओट्यावर चारोळ्या फोडत बसली होती.
बाराच्या बारा ऐकल्या तिने, मान खाली,
ढोल आला तेव्हा एकदा बकरीला हाकललं.
मग म्हणाली, ह्याले नाव काय देलं?

सर्वोत्तम, मी म्हणालो.
म्हणजे निवडून निवडून, चांगली तेवढी.

तिच्या हातातला दगड थांबला.
“निवडेल व्हय?
मंग बाकीची कुठी?”

आहेत, म्हणालो. माझ्याकडे आहेत.
खोटं इतक्या पटकन
मी काट्यावर बसूनही कधी बोललो नव्हतो.

तेव्हापासून दर बाजाराला
जुना फोन चार्ज करून नेतो.
टाकून दिलेलं सगळं त्यात पडून आहे.
दुसऱ्या ओळीत अडखळलेला,
“थांब नेहेते, पुन्हा घेऊ” म्हणणारा,
चहा सांगितला का विचारणारा,
यमक सापडेना म्हणून माझ्याच आडनावाला शिव्या घालणारा.
एकात तर नुसतं मशीन, दोन मिनिटं,
आणि शेवटी त्याची शिंक.

ती शिंक तिला फार आवडली.
पुन्हा लावायला लावली.
“हे काऊन नई घेतलं त्याहिनं?”

आता थोडीच उरलीत. मी मोजली नाहीत,
पण फोनवर बोट फिरवलं की तळ लवकर येतो.
काल दोन लावणार होतो.
तिने चारोळ्यांची पुरचुंडी माझ्या हातात दिली,
फोन उलटा ठेवला.
“एकच लाव,” म्हणाली.
“पुढच्या बाजारालेबी येशीन ना तू.”