झारीण

पंचांगात तिला शेंडेनक्षत्र म्हणतात, पुढे बारीक अक्षरांत अशुभ.
आमच्या सराफ्यात ती झारीण.
आभाळाच्या गल्लीतून वाकून जाते,
पदर मागे लोळवत,
सोनारांच्या हातून सांडलेलं वेचत.
बहात्तर वर्षांनी एकदा, अकरा रात्री.

त्या अकरा रात्री इंदुरात कोणी केर काढत नाही.
भट्टीपुढची राख, कानशीचा चुरा,
एरवी ज्या कणासाठी आम्ही पायपुसणीसुद्धा जाळून गाळतो,
तो उंबऱ्याबाहेर ढकलायचा
आणि म्हणायचं, तुझं तू ने.
नेतात अर्थात झारेकरीच.
पण त्या रात्री त्यांच्याशी भाव करायचा नाही.
सासऱ्यांनी शिकवलेल्या चार गोष्टींतली ही तिसरी.
(चौथी डाखाबद्दल आहे, आणि दुकान अजून चालू आहे.)

बहात्तर हा आकडा सोयीचा.
आधी पाहिलेले आणि आता पाहणारे
एका ओट्यावर येत नाहीत,
म्हणून ती केवढी होती यावर भांडण नाही.
राजवाड्याच्या सात मजल्यांएवढी, म्हणतात.
बर्तन बाजारातले पीतांबर कसेरे एक परात दाखवतात.
त्यांच्या पणज्यानं झारिणीच्या उजेडात तिच्यावर नाव कोरलं.
नाव चुकलेलं आहे.

क्वचित एखादी दुदेखी निघते, दोनदा पाहणारी.
यंदा एकच होती, हुरमतबी,
आमच्याच गल्लीची माती धुणारी.
तेव्हा सहा वर्षांची, बापाच्या खांद्यावर,
आता अठ्ठ्याहत्तर, एका डोळ्याचं ऑपरेशन झालेली.
रिवाजाप्रमाणे तिला कृष्णपुऱ्याच्या छत्र्यांपाशी
पाटावर बसवलं, खांद्यावर शाल.
ती म्हणेल ते खरं.

गराडूवाल्यांनी कढया उतरवल्या.
दुकानामागून दुकान बल्ब गेले,
रबडीवाल्याचा धाकटा शेवटचा बल्ब
फुंकर मारून विझवू पाहत होता.
मग खान नदीच्या अंगाला, कळसाच्या जरा डावीकडे,
कशी सांगू?
मूस कलती केल्यावर शेवटी
सोन्याची जी एक तार तुटता तुटत नाही,
तशी.

हुरमतबी बराच वेळ गप्प.
आमच्याशी ती मराठीच बोलते, हिंदीच्या चालीवर.
म्हणाली, "घटली ना ही.
इथून तिथवर होती."
दोन्ही हात पसरले, मग एक मिटून मांडीवर ठेवला.
कोणीतरी विचारलं, शुभ की अशुभ?
"घट आहे, भिया. काम केलं की येतेच."
आणि चहा मागितला.

घट आम्हाला माहीत आहे.
तोळ्यामागे इतकी गुंज, गिऱ्हाइकाच्या नावे,
पिढ्यान् पिढ्या लाल वहीत.
त्या रात्री चपला काढताना मला आठवलं
की सकाळी माती बाहेर ढकलण्याआधी
मी ती चाळली होती.
दोनदा.
हुरमतबीच्या नातीनं, शकीलानं, माझ्यासमोर घमेल्यात ती धुतली,
पारा फिरवला, पाणी ओतून दिलं,
तळाशी पाहिलं
आणि "येते काकी" म्हणून पुढच्या दारी गेली.

मनात आलं की आता ठेवू, उद्या ठेवू.
दहा रात्री होत्या, त्या
लग्नसराईच्या कामात कशा गेल्या कळलं नाही.
बाराव्या दिवशी पहाटे उठून
पायपुसणी उचलली, अठरा महिन्यांची,
न झटकता,
आणि उंबऱ्याबाहेर घडी करून ठेवली.
झारीण तेव्हा कुठल्या कुठे गेली होती.
शकीलाही त्या गल्लीत परत आली नव्हती.

सात वाजता कचरागाडी गाणं लावत आली.
पोरानं एका हातानं घडी उचलून आत टाकली,
ओला कचरा की सुका, एवढंच विचारलं.

दीड मासा तरी असेल.
वहीत घट म्हणून लिहिलाय,
नावाचा रकाना अजून कोरा आहे.